कोणती कोयना?

मुलगी झाली, पत्रिका मांडली आणि नावाचं अक्षर निघालं ‘को’. पुनर्वसू नक्षत्राचा दुसरा चरण. पहिला चरण असता तर ‘के’ आलं असतं आणि केतकी, केया, केशर अशी रांग लागली असती. ‘को’वर मात्र घोडं अडलं. कोमल, कोकिळा, कोयल, कोजागिरी आणि फार मागे गेलं तर कोंडाबाई. मंदार आणि ऋजुता पत्रिका मानणाऱ्यांतले नव्हते, पण मंदारच्या आईने अक्षर धरून ठेवलं होतं आणि बाळंतिणीच्या खोलीत वाद नको म्हणून दोघांनी ते मुकाट मान्य केलं. ऋजुता परिचारिका होती. जन्माची नोंद 21 दिवसांत करावी लागते, नाव मागाहून घातलं तरी चालतं, हे तिला पाठ होतं. त्यामुळे घाई नव्हती. बारसं सव्वा महिन्यानं करायचं ठरलं.

मंदार रात्री बाळाला मांडीवर घेऊन मोबाइलवर नावांच्या याद्या चाळायचा. नावापुढे अर्थ दिलेला असायचा. निम्म्या नावांचा अर्थ ‘देवाची देणगी’ आणि उरलेल्या निम्म्यांचा ‘सुंदर’.

“समोरच्या इमारतीतल्या पोरीचं नाव काय म्हणालीस?” मंदारच्या आईने एकदा विचारलं.

“सिएना,” ऋजुता म्हणाली. “इटलीतलं शहर आहे.”

“इटलीतलं! आपल्याकडची गावं संपली वाटतं?”

हे वाक्य मंदारच्या डोक्यात राहिलं. दोन दिवसांनी तो चहा पिता पिता एकदम म्हणाला, “कोयना.”

ऋजुताने नाव दोनदा उच्चारून पाहिलं. लहान, सोपं, हाक मारायला मोकळं. दवाखान्यात रोज नवी बाळं बघणाऱ्या तिला हे नाव एकदाही भेटलं नव्हतं. शिवाय मंदारच्या घराण्याचं मूळ गाव कोयनेच्या खोऱ्यातलं. धरणात गेलेलं. घरात याहून जास्त कुणी त्याबद्दल बोलत नसे. गाव गेलं, सरकारने सांगलीकडच्या सपाटीला वसाहत दिली, तिथे मंदारचे वडील जन्मले, मंदार वाढला आणि पुढे नोकरीसाठी पुण्याला आला. एवढाच इतिहास.

नाव घरातून बाहेर पडलं आणि फोन सुरू झाले. काकांना ते फार आवडलं. ताईने, म्हणजे मंदारच्या बहिणीने, फोनवर काही क्षण थांबून “दुसरं बघा ना” एवढंच म्हटलं. ऋजुताच्या वडिलांनी आयुष्यभर शाळेत संस्कृत शिकवलं होतं. ते मिस्कीलपणे म्हणाले, “शास्त्राची परवानगी नाही बरं का. नक्षत्राचं, झाडाचं, नदीचं, डोंगराचं नाव असलेल्या मुलीशी लग्न करू नये असं मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात लिहून ठेवलंय.”

ऋजुताची आई चपापली. “मग हो?”

“मग काय! महाराष्ट्रानं ते कधी ऐकलंय? माझी आजी गोदावरी, तिची जाऊ यमुना, तिची नणंद कृष्णा. वारल्यांच्या लढ्यात उभ्या राहिलेल्या परुळेकरबाईंचं नाव गोदावरीच होतं. परदेशात जाऊन डॉक्टर झालेल्या आनंदीबाई जोशी माहेरी यमुना होत्या. पोथीत एक लिहिलेलं आणि पाळण्यात दुसरंच. लोकांना नदी जवळची वाटली, त्यांनी ती घरात आणली.”

मग त्यांना रंग चढला. नदीच कशाला, मथुरा, द्वारका, काशी, गया, अयोध्या ही नावं मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या नांदली. त्याहून जुनी गोष्ट म्हणजे महाकाव्यांतल्या बायका बघा, ते म्हणाले. मिथिलेची मैथिली, विदेहाची वैदेही, कोसलची कौसल्या, केकयाची कैकेयी, गांधारची गांधारी, मद्र देशाची माद्री. सगळ्यांच्या नावात माहेरचा मुलूख. “पुरुषांची गावं आपल्याकडे आडनावात टिकली. पाटणकर, चिपळूणकर, सातारकर. बाईचं आडनाव लग्नात बदलतं. पुष्कळदा नावही बदलतं. मग तिचं गाव राहणार कुठे? नावात राहिलं तरच.”

ऋजुताला हे पटलं. नावाबद्दल तिच्या मनात होता तो थोडासा संकोचही गेला. आता फक्त आजी उरली होती.

आजी म्हणजे मंदारच्या वडिलांची आई. सत्तरी ओलांडलेली, वसाहतीतल्या घरी राहणारी, नातवाच्या लेकीला बघायला पुण्याला आलेली. सगळ्यांची खात्री होती की तिला हरखून जायला होईल. तिच्या खोऱ्यातलं नाव, तिच्या नदीचं नाव, पणतीला! मंदारने ते तिला सगळ्यांत शेवटी, मुद्दाम राखून ठेवलेला लाडू हातावर ठेवावा तसं सांगितलं.

आजीने बाळाच्या टाळूवर तेल चोळत ऐकलं. “नाव चांगलं हाय,” ती म्हणाली. “पन कंची कोयना?”

“कंची म्हणजे? आजी, कोयना एकच की.”

“येकच आसती तर इचारलं नसतं. रविवारी समदी येनार हायती न्हवं? ज्याला ज्याला ह्ये नाव पायजे त्यानं आपली कोयना सांगायची. ज्याला नगं त्यानंबी सांगायची. मग ठरवा.”

रविवारी माणसं जमली. काका-काकू आले, पाटणहून ताई आली, ऋजुताचे आईवडील आले. बाळाला बघायला सिएनाची आईही डोकावली आणि तिला आग्रहाने बसवून घेतलं. पोहे झाले, चहा झाला. आजी खुर्चीत बसली नाही. भिंतीला पाठ लावून खाली बसली आणि म्हणाली, “हं.”

मंदारला वाटलं हे सगळ्यांत सोपं आहे. तो कॉलेजात असताना मित्रांबरोबर बामणोलीहून होडीने पलीकडे गेला होता, जंगलातून वासोट्यावर चढला होता. ते त्याने रंगवून सांगितलं. शिवसागराचं पाणी, दोन्ही बाजूंनी उतरलेलं रान, किल्ल्यावरून खाली कोकणात कोसळणारे कडे. जुन्या महाबळेश्वरच्या देवळात कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री आणि गायत्री या पाच नद्यांचं पाणी गोमुखातून पडतं. तिथून कोयना सह्याद्रीला समांतर दक्षिणेकडे वाहते, हेळवाकजवळ पूर्वेला वळते आणि कराडला कृष्णेला मिळते. तो प्रीतिसंगम. “महाराष्ट्रात यापेक्षा देखणी नदी दाखवा,” त्याने समारोप केला.

आजीने मान हलवली. “ही पावन्याची कोयना. पुढं.”

काका सरसावून बसले. ते महानिर्मितीत होते आणि त्यांची बरीच वर्षं पोफळीच्या वीजगृहात गेली होती. त्यांची कोयना आकड्यांत बोलायची. 103 मीटर उंचीचं धरण, 105 टीएमसीच्या घरातला साठा, टप्पे धरून 1,960 मेगावॅटची क्षमता. पाणी सह्याद्रीच्या पोटातून बोगद्याने पश्चिमेला नेलेलं, डोंगराच्या आत खोदलेल्या वीजगृहात ते कोसळतं, वीज होते आणि वापरलेलं पाणी वाशिष्ठीत उतरून दाभोळला समुद्राला मिळतं. 1999 साली आणि पुन्हा 2012 साली तलावाच्या तळाशी स्फोट करून बोगद्यात पाणी घेतलं, तेव्हाचं दडपण त्यांनी असं सांगितलं की चहाचा कप हातातच राहिला. “विचार करा,” ते म्हणाले, “एरवी या नदीचं सगळं पाणी कृष्णेतून बंगालच्या उपसागराला जायचं. आता ही एकटी नदी दोन समुद्रांना मिळते. महाराष्ट्राची भाग्यरेषा म्हणतात ते उगाच नाही. गिरण्या हिच्यावर चालल्या, मुंबईतले दिवे हिच्यावर लागले.”

“ही कोयना खरी हाय,” आजी म्हणाली. “कष्टाची हाय. ल्योक माझा तिच्यावर जगला. पुढं.”

ताई बराच वेळ पदराशी चाळा करत होती. “मी नको म्हणाले, कारण सांगते,” तिने सुरुवात केली. “आमच्या पाटणात कोयना म्हटलं की म्हाताऱ्या माणसांना तारीख आठवते. 11 डिसेंबर 1967. पहाटेचे चार वाजून एकवीस मिनिटं. थंडीचे दिवस, सगळे दारं लावून झोपलेले. सासूबाईंची धाकटी बहीण भिंतीखाली सापडली. पावणेदोनशेच्या वर माणसं गेली त्या भूकंपात. कोयनानगरात तर उभं घर शोधावं लागत होतं. धरणाला तडे गेले, पण ते टिकलं. तेव्हापासून जगातले भूगर्भशास्त्रज्ञ जलाशयामुळे होणाऱ्या भूकंपाचं उदाहरण द्यायचं तर कोयनेचंच नाव घेतात. अजून मधूनच जमीन हलते, भांडी वाजतात, आम्ही अंगणात येऊन उभे राहतो. अपशकुन वगैरे मी मानत नाही. पण सासूबाई बाळाला मांडीवर घेऊन काय म्हणून हाक मारतील?”

कुणी बोललं नाही. आजीनेच ऋजुताकडे पाहिलं.

“माझी कोयना नाहीच,” ऋजुता म्हणाली. “मी ती नदी पाहिलेली नाही. मला फक्त नाव ऐकायला गोड वाटलं.”

“तू खरं बोललीस,” आजी म्हणाली. मग सिएनाच्या आईकडे वळून तिने विचारलं, “आन् बाई, तुमचं त्ये काय म्हनायचं… शेना?”

मंदारच्या आईने हसू दाबलं. सिएनाची आई मात्र मोकळेपणी हसली. ती आणि तिचा नवरा कामासाठी त्या शहरात राहिले होते. मुलगी पोटात असताना तिला अंथरुणातून उठू नका असं सांगितलं गेलं होतं. जवळचं माणूस कुणी नाही, भाषा धड येत नाही. खालच्या मजल्यावरच्या म्हातारीने रोज दुपारी सूप आणि पाव वर आणून दिला. त्या शहराचे सतरा मोहल्ले आहेत, दर मोहल्ल्याचं स्वतःचं निशाण. दरवर्षी 2 जुलैला आणि 16 ऑगस्टला भर चौकात त्यांच्या घोड्यांची शर्यत लागते. म्हातारीने पाळण्याला आपल्या मोहल्ल्याचा रुमाल बांधला आणि पोरगी आमची म्हणून सांगून टाकलं. “मग दुसरं नाव कसं ठेवणार?” ती म्हणाली.

“न्हाईच ठिवायचं,” आजी ठासून बोलली. “ज्या गावानं पोटाला घातलं त्येचंच नाव.” मंदारच्या आईचं दाबलेलं हसू कुठल्या कुठे गेलं.

ऋजुताला त्याच क्षणी आठवलं आणि तिने सांगितलं, की जिच्या जन्मदिवशी, 12 मे रोजी, जगभर परिचारिका दिन साजरा होतो, त्या फ्लोरेन्स नाइटिंगेलचंही नाव गावाचंच. 1820 साली तिचा जन्म इटलीतल्या फ्लोरेन्स शहरात झाला म्हणून आईवडिलांनी तेच नाव ठेवलं. तिची थोरली बहीण नेपल्सला झाली, तर तिला त्या शहराचं प्राचीन नाव दिलं, पार्थेनोपी. त्या काळी फ्लोरेन्स हे मुलीचं नाव तिकडेही क्वचितच असे. पुढे हिच्या कामामुळे हजारो घरांत ते गेलं.

“आता तुमची कोयना, आजी,” मंदार म्हणाला.

आजीने पाय लांब केले.

“माझं सासर नदीच्या ह्या अंगाला, म्हायेर त्या अंगाला. मधी उतार व्हता. उन्हाळ्यात गुडघ्याएवढं पानी, लुगडं वर धरून चालत जायचं. पावसाळ्यात नदी फुगली की चार म्हैनं काय जाता येत न्हाई. पलीकडं आईच्या चुलीचा धूर दिसायचा. आज धूर उशिरा निगाला, आईला बरं न्हाई वाटतं, असं हिकडनं वळकायचं. भाताची खाचरं काठाला, वर उताराला नाचनी आन् वरी. पावसात इरलं डोक्यावर घिऊन लावणी. ही माझी कोयना.

“मग मोजनीवालं आलं. झाडांवर, दगडांवर चुन्याच्या खुना केल्या. पानी हितवर चढनार म्हनलं. आमाला हसू आलं. डोंगरावर पानी चढतंय व्हय? कुनी घर हलवलं न्हाई. मग खरंच चढाय लागलं. देव उचलला, दारं-चौकटी काढल्या, कौलं काढली. एक गाव सातारच्या माळाला, एक सोलापूरकडं, एक कोकणात. माझं म्हायेर येकीकडं ग्येलं, सासर येकीकडं. आईच्या चुलीचा धूर परत कवा दिसला न्हाई.

“सपाटीला आलो तर जमीन काळी, झाड न्हाई, नदी न्हाई. आसपासची मानसं ‘धरनवालं’ म्हनायची. ज्या पान्यावर मुंबई उजळली त्ये पानी आमी सोडून दिल्यालं, आन् आमच्या वसाहतीत कैक वर्सं राकेलची चिमनी. जमिनीच्या कागदासाठी तुझा आजा हेलपाटं घालून म्हातारा झाला.”

काका खाली बघत होते. पुनर्वसनाचा कायदा महाराष्ट्रात 1976 साली झाला, हे त्यांना माहीत होतं. कोयनेची माणसं त्याच्या कितीतरी आधी उठली होती. कायदा नव्हता तेव्हा उठलेल्यांचे प्रश्न पुढे कित्येक दशकं मोर्च्यांमधून आणि धरण्यांमधून फिरत राहिले. तो सगळा काळ त्यांनी वीजगृहात काढला होता आणि दोन्ही गोष्टी एका वाक्यात त्यांच्या तोंडून कधी आल्या नव्हत्या.

“आजी,” ऋजुता म्हणाली, “हे तुम्ही कधीच का सांगितलं नाहीत? मंदारलाही आज कळतंय.”

“कुनी इचारलं न्हाई.” आजी क्षणभर थांबली. “आन् मीबी सांगितलं न्हाई. पोरं हितली व्हावीत, त्यास्नी परकं वाटू नये म्हनून गप ऱ्हायले. त्यात माझंबी चुकलं. तुमी समदी मघाशी येकेक कोयना सांगत व्हता तवा मला कळलं. माझी मी दडवून ठिवली, मग ह्यास्नी नुसतं वरचं पानीच दिसनार की.”

मग तिने आणखी एक गोष्ट सांगितली, जी तिच्या मुलालाही ठाऊक नव्हती. घरातले सगळे तिला ज्या नावाने ओळखत ते लग्नात ठेवलेलं नाव होतं. माहेरचं नाव काशी. तिच्या बापाला काशीला जायची हौस होती, पण खोऱ्यातून साताऱ्याला जायचीही ऐपत नव्हती. मुलगी झाली तेव्हा त्याने तेच नाव ठेवलं. “शेतातनं हाक मारायचा. म्हनायचा, माझी रोज काशी व्हती. लगीन झालं, नाव ग्येलं. मग गावबी ग्येलं. म्हनून सांगते, पोरीला ह्ये नाव जरूर ठिवा. पन पावन्याची कोयना देऊ नगा. नुसती इजंची देऊ नगा, नुसती रडन्याचीबी देऊ नगा. अख्खी द्या.”

ताई उठून आजीशेजारी जाऊन बसली. “मग मीच सांगते तिच्या कानात,” ती म्हणाली. “सासूबाईंना मी समजावीन.”

बारसं झालं. घुगऱ्या वाटल्या, आत्याने पाळण्यात वाकून नाव सांगितलं आणि रिवाजाप्रमाणे पाठीत धपाटे खाल्ले. मंदारच्या आईने सिएनाला मांडीवर घेऊन पेढा भरवला. ऋजुताने एक जाड वही आणली आणि त्या रविवारी ऐकलेल्या कोयना एकापाठोपाठ एक लिहून काढल्या. आजीचं बोलणं तिने तिच्याच भाषेत लिहिलं. मुलगी सहा महिन्यांची झाली तेव्हा ती स्वतः तिला घेऊन खोऱ्यात जाऊन आली आणि शेवटी आपलंही एक पान जोडलं.

गोष्ट इथे संपली असती तर सोयीची होती. पण नावं मोठ्यांनी ठेवलेली असतात आणि ती वागवावी लागतात मुलांना.

कोयना नऊ वर्षांची असताना वर्गात भूकंपाचा धडा झाला. मधल्या सुट्टीत एका मुलाने तिच्या बाकाला हलवून “भूकंप आला, भूकंप आला” अशी आरोळी ठोकली आणि मग तो खेळच झाला. घरी येऊन तिने ती वही काढली. आजवर तिने त्यातली होडीची आणि बोगद्याची पानं वाचली होती. त्या संध्याकाळी उरलेलीही वाचली आणि वही मिटून म्हणाली, “मला हे नाव नको. माणसं मेली, घरं बुडाली, लोक रडले. सिएनाचं बघ, घोड्यांच्या शर्यतीचं नाव. माझंच असं का ठेवलंत?”

ऋजुताकडे उत्तर नव्हतं. सगळं सांगायचं ठरवलं होतं, पण सगळं ऐकलेल्या मुलीला पुढे काय सांगायचं हे कुणीच ठरवलं नव्हतं. तिने वसाहतीत फोन लावला. ऐंशीच्या घरातली आजी आता मोठ्याने बोलल्याशिवाय ऐकत नसे, म्हणून पोरीला सगळं ओरडून सांगावं लागलं.

“त्या पोराला म्हनावं,” पलीकडून आवाज आला, “मी धरनाचं नाव न्हाई घेतलं, भूकंपाचं न्हाई घेतलं. नदीचं घेतलंय. नदी आधीची हाय. धरन मागनं बांधलं, जमीन मागनं हलली. भूकंप झाला त्या सकाळीबी ती कराडला जाऊन कृष्णेला मिळालीच की. आन् तू रडू नगंस. रडायचं काम आमचं व्हतं, त्ये आमी करून बसलो. तुला नुसतं ठावं आसूदे.”

पोरीने थोडा विचार केला. “मग मी ते सगळ्यांना सांगायचं का?”

“कुनी इचारलं तर सांग. न्हाई इचारलं तरी सांग. मी न्हाई सांगितलं, त्येचा घोटाळा तुझ्या बापाला इचार.”

दुसऱ्या दिवशी कोयनाने बाईंची परवानगी घेऊन वर्गात पाच मिनिटं मागितली आणि अर्धा तास घेतला. होडी सांगितली, बोगदा सांगितला, पहाटेचे चार एकवीस सांगितले, चुलीचा धूर सांगितला. बाक हलवणारा मुलगा गप्प बसला. त्याच्या आडनावाच्या शेवटी ‘कर’ होतं. बाईंनी त्याला विचारलं, “तुझं गाव कुठलं रे?” आडनावातलं गाव त्याने कधी पाहिलं नव्हतं. ते कोणत्या तालुक्यात आहे हेही त्याला सांगता येईना. वर्गात आणखी दहा-बारा ‘कर’ होते, त्यांची गतही तीच. बाईंनी त्या शनिवारी गृहपाठ दिला: घरातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाला आपल्या गावाबद्दल विचारून या. सोमवारी वह्या भरून आल्या. कुणाचं गाव दुष्काळात सुटलं होतं, कुणाचं गिरणीच्या नोकरीपायी, कुणाचं फाळणीत. गोव्याहून आलेल्या एका मुलाचं गाव तर साळावलीच्या धरणात गेलं होतं. तो कोयनाशेजारी येऊन बसला आणि पुढे वर्षभर त्याने जागा बदलली नाही.

तात्पर्य सांगायचं तर असं. मुलीला गावाचं, नदीचं, डोंगराचं नाव द्यावं. ही आपली जुनी आणि चांगली रीत आहे. बायकांच्या बाबतीत तर तिची गरज जास्त आहे, कारण त्यांचं गाव आडनावात टिकत नाही. जागा जवळची असो की सातासमुद्रापलीकडची, आपलं तिथलं काही देणं असलं की नाव शोभतं. मात्र नाव घेताना त्या जागेचं फक्त छायाचित्र घेऊ नका. तिथे कोण राहत होतं, कुणी काय बांधलं, कुणी काय गमावलं, हे आधी स्वतः माहीत करून घ्या आणि मूल विचारतं झालं की त्याला सगळं सांगा. सांगताना दुःखाचं ओझं त्याच्या खांद्यावर ठेवू नका, फक्त ओळख करून द्या. आणि हे सांगू शकणारं माणूस अजून तुमच्या घरात भिंतीला पाठ लावून बसलेलं असेल, तर बारशाची वाट पाहू नका. आजच त्याच्यासमोर बसा आणि विचारा.